कोरड्या मुलखाची चौकट : सुधाकर रेड्डी यक्कंटी यांच्या छायाचित्रणाचा विचार

प्रास्ताविक

मराठी चित्रपटाविषयी आपल्याकडे जे समीक्षालेखन होते त्याचा बराचसा भाग साहित्यसमीक्षेच्या परिभाषेत होतो. कथानक, आशय, व्यक्तिरेखा, संवाद, सामाजिक जाणीव हे त्या समीक्षेचे नेहमीचे निकष आहेत. महाविद्यालयीन चर्चासत्रांतून ‘साहित्य आणि चित्रपट’ हा विषय वारंवार ठेवला जातो आणि त्यात वाचल्या जाणाऱ्या निबंधांमध्ये कादंबरीतील कोणता प्रसंग चित्रपटात आला, कोणता गळला, याचा हिशेब मांडला जातो. त्या हिशेबाला मोल नाही असे नाही. परंतु पडद्यावर प्रत्यक्ष जे दिसते, म्हणजे प्रकाश, अंतर, उंची, माणूस आणि जमीन यांचे चौकटीतील प्रमाण, त्याविषयी या निबंधांत क्वचितच एखादे वाक्य असते. असलेच तर ते ‘छायाचित्रण नेत्रसुखद आहे’ एवढेच असते. नेत्रसुखद हा शब्द छायालेखकाच्या कामाविषयी काहीही सांगत नाही. लग्नाचा अल्बमही नेत्रसुखद असतो.

प्रस्तुत लेखात सुधाकर रेड्डी यक्कंटी या छायालेखकाच्या कारकिर्दीचा विचार करावयाचा आहे. ‘देऊळ’ (2011), ‘सैराट’ (2016) आणि ‘झुंड’ (2022) हे त्यांनी चित्रित केलेले चित्रपट होत. ‘नाळ’ (2018) आणि ‘नाळ भाग 2’ (2023) यांचे दिग्दर्शनही त्यांचेच आहे. ही यादी नजरेखालून घातली तरी एक गोष्ट लक्षात यावी. एकविसाव्या शतकाच्या पहिल्या दोन दशकांत मराठी चित्रपटात गाव कसे दिसले याचा इतिहास लिहावयाचा झाल्यास तो बऱ्याच अंशी या एका माणसाच्या कॅमेऱ्यातून दिसलेल्या गावाचा इतिहास ठरेल. आणि हा माणूस मराठी नाही. तेलुगूभाषक प्रदेशातून तो पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये आला आणि तेथून मराठी चित्रपटात शिरला. आपला मुलूख आपल्याला एका परभाषिकाने दाखवला, या गोष्टीचा त्या दाखवण्याच्या रीतीशी काही संबंध आहे काय, हा प्रस्तुत लेखाचा मुख्य प्रश्न आहे.

पार्श्वभूमी

मराठी चित्रपटाला छायाचित्रणाची परंपरा नव्हती असे म्हणता येणार नाही. प्रभात फिल्म कंपनी 1929 मध्ये कोल्हापुरात स्थापन झाली आणि 1933 मध्ये पुण्यास आली. तिच्या ‘संत तुकाराम’ (1936) या चित्रपटाचे छायालेखक व्ही. अवधूत होते. त्या चित्रपटातील देहू आजही खरे वाटते, ते केवळ विष्णुपंत पागनीसांच्या मुद्रेमुळे नव्हे. उंबरा, ओटा, जाते यांना चौकटीत त्यांची रास्त जागा मिळालेली आहे, हेही त्यामागील कारण आहे. पुढे ग्रामीण चित्रपट आणि तमाशापट यांचा दीर्घ काळ आला. त्या काळातील गाव हे बहुधा एक नेपथ्य असे. पाटलाचा वाडा, पारावरचा वड, पाणवठा आणि फड या चार जागा लागल्या की गाव उभे राही. या चार जागांमध्ये जी जमीन असते, जे अंतर माणसाला पायी तुडवावे लागते, ते मात्र पडद्यावर फारसे येत नसे.

प्रभातच्याच आवारात 1960 मध्ये फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. तेथून बाहेर पडलेल्या छायालेखकांनी हिंदीतील समांतर चित्रपटाला रूप दिले. के. के. महाजन हे त्यांतील ठळक नाव. ‘भुवन शोम’ आणि ‘उसकी रोटी’ यांचे छायाचित्रण त्यांचे आहे. मराठी चित्रपटाला मात्र त्याच शहरातील या संस्थेचा तितकासा लाभ दीर्घ काळ झाला नाही, ही थोडी खंतावणारी गोष्ट आहे. 2004 मध्ये ‘श्वास’ला राष्ट्रीय सुवर्णकमळ जाहीर झाले आणि त्यानंतरच्या उत्साहात ज्या तरुण दिग्दर्शकांना पैसा आणि धीर मिळाला, त्यांत इन्स्टिट्यूटचे उमेश कुलकर्णी होते. यक्कंटी यांची मराठीतील वाटचाल कुलकर्णी यांच्या चित्रपटांपासून सुरू होते.

येथे ‘स्वतंत्र चित्रपट’ या संज्ञेविषयी थोडे स्पष्ट बोलणे आवश्यक आहे. ‘विहीर’ची निर्मिती अमिताभ बच्चन यांच्या ए. बी. कॉर्पने केली होती. ‘सैराट’च्या मागे झी स्टुडिओज होते. तेव्हा पैसा कोठून आला हा निकष लावला तर यांतील बरेचसे चित्रपट स्वतंत्र ठरणार नाहीत. स्वातंत्र्य होते ते कामाच्या रीतीत. ठरलेले तारे नाहीत, स्टुडिओत उभारलेले गाव नाही, पात्रे खरी त्या बोलीत बोलतात, पुष्कळ पात्रे पूर्वी कधी कॅमेऱ्यासमोर उभी राहिलेली नाहीत, आणि चित्रीकरण प्रत्यक्ष स्थळी उपलब्ध उजेडाचा मान राखून करावयाचे. अशा रीतीत छायालेखकाचा भार वाढतो. नवख्या मुलाला जमिनीवरच्या खुणेवर थांबून मान अमुक अंशांत वळव असे सांगता येत नाही. प्रकाशयोजना आणि कॅमेऱ्याची जागा अशी ठेवावी लागते की मुलगा हवा तेथे हिंडला तरी चौकट मोडू नये. यक्कंटी यांच्या चित्रपटांत लहान मुले आणि जनावरे इतकी का आहेत, हा प्रश्न कुणाला पडला तर त्याचे एक व्यावहारिक उत्तर हे आहे की त्यांना मोकळे सोडून चित्रित करणे या माणसाला जमते.

अशा छायालेखकाची कारकीर्द दिग्दर्शकांच्या सोबतीने घडते. यक्कंटी यांच्या बाबतीत ही सोबत मुख्यतः दोघांची आहे. आधी उमेश कुलकर्णी, नंतर नागराज मंजुळे. दोघांचा स्वभाव अगदी भिन्न आहे. कुलकर्णी यांचा चित्रपट गावाकडे किंचित मिश्किल नजरेने, थोडे दूर उभे राहून पाहतो. मंजुळे यांचा चित्रपट गावाच्या आतून, गावाने ज्याला बाहेर ठेवले त्याच्या जागेवरून पाहतो. एकाच छायालेखकाने दोहोंना साथ दिली, ही बाब पुरेशी चर्चिली गेलेली नाही.

‘वळू’ आणि ‘विहीर’

‘वळू’मध्ये कॅमेरा हेच एक पात्र आहे. कुसवडे गावातील मोकाट वळूला पकडण्यासाठी वनाधिकारी येतो आणि त्याचा भाऊ हातातील कॅमेऱ्याने या मोहिमेचा माहितीपट करू लागतो. कॅमेरा दिसताच गावातला प्रत्येक जण बदलतो. कोणी ताठ उभा राहतो, कोणी प्रमाण भाषा बोलू लागतो, कोणी स्वतःचे महत्त्व वाढवून सांगतो. आता या हास्यप्रसंगांमागे दुसराही एक कॅमेरा आहे, तो या चित्रपटाचे छायालेखक सुधीर पलसाने यांचा. भावाचा कॅमेरा माणसांच्या तोंडाशी जातो, तर छायालेखकाचा कॅमेरा मागे थांबतो. तोंडाशी गेलेल्या कॅमेऱ्याला सोंग मिळते. मागे थांबलेल्याला ते सोंग वठवणारा माणूस, त्याच्यामागची भिंत, भिंतीपाशी उभी राहून हसणारी बाई आणि पलीकडचा उघडा माळ असे सारे मिळते. गावाचे चित्रण करू पाहणाऱ्या शहरी माणसाची थट्टा या चित्रपटात आहे. ती थट्टा करणारे कुलकर्णी स्वतः पुण्याच्या इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले होते, आणि थट्टेचा काही भाग स्वतःवरच आहे हे त्यांना ठाऊक असावे.

‘विहीर’ ही कुलकर्णी आणि पलसाने या जोडीची सर्वोत्कृष्ट कृती होय, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. समीर आणि नचिकेत हे मावसभाऊ-मित्र, त्यांची पत्रे, घरातील लग्नासाठी जमलेला गोतावळा, लपंडाव आणि नचिकेतचा विहिरीतील मृत्यू, एवढीच या चित्रपटाची गोष्ट. गोष्ट म्हणून ती दोन वाक्यांत संपते आणि साहित्यिक निकषांनी पाहणाऱ्या काही समीक्षकांना चित्रपट ‘संथ’ वाटला तो त्यामुळेच. परंतु हा चित्रपट घटनांवर चालत नाही. एकदा जो मुलगा चौकटीत होता तो आता चौकटीत नाही, यावर तो चालतो. लपंडावात लपलेला मुलगा कोठल्याही कोपऱ्यातून निघू शकतो. म्हणून पूर्वार्धात वाड्यातले कोपरे, माळे, दारांआडचा अंधार आपण खेळकर उत्सुकतेने पाहतो. नचिकेत गेल्यानंतर कॅमेरा त्याच प्रकारच्या जागा त्याच धिमेपणाने पाहतो आणि आता त्या जागा रित्या आहेत. समीर जणू अद्याप डाव चालूच आहे अशा रीतीने शोधत राहतो. रितेपणा दाखवणे हे छायाचित्रणातील अवघड काम आहे, कारण कॅमेरा फक्त असलेले टिपतो. नसलेले दाखवायचे तर आधी त्या जागेत कोणी तरी असल्याची सवय प्रेक्षकाच्या डोळ्यास लावावी लागते. पलसाने ती सवय पहिल्या तासभरात इतक्या बेमालूमपणे लावतात की आपल्याला ती लागल्याचे कळत नाही.

विहिरीविषयी थोडे. आपल्या भागात विहिरीशी माणसाचे नाते पाण्याचे आहे तसे मरणाचेही आहे, हे येथील वाचकाला सांगावयास नको. बालाघाटच्या या कोरड्या पठारावर चैत्र-वैशाखात विहिरीत वाकून पाहणे म्हणजे घरातील पुढच्या दोन महिन्यांचा अंदाज घेणे असते. आणि गावातील कोणत्या विहिरीत कोण गेले, हेही प्रत्येकाला माहीत असते. मराठी कथा-कादंबरीत विहीर पुष्कळ वेळा आली. पडद्यावर तिचा असा आडवा-उभा अभ्यास मात्र झाला नव्हता. ‘विहीर’मध्ये ती कधी वरून दिसते, जमिनीत पाडलेल्या काळ्या भोकासारखी. कधी काठावरून, पायऱ्या आणि दगडी बांधणीसह. आणि कधी पाण्याच्या पातळीवरून, जेथून आकाश तेवढेच गोल दिसते. एकाच वस्तूकडे पाहण्याच्या या तीन जागा म्हणजे समीरच्या मनाच्या तीन अवस्था आहेत. संवादांत त्या कोठेही उच्चारलेल्या नाहीत. हा चित्रपट 2010 च्या बर्लिन महोत्सवात दाखवला गेला. मोबाइलच्या पडद्यावर तो पाहणाऱ्याला त्यातील अर्धा अंधार दिसतच नाही. ही तक्रार छायालेखकाबद्दल नसून आपल्या पाहण्याबद्दल आहे.

‘देऊळ’संबंधी फार लिहिण्याचे कारण नाही, कारण त्याचे यश मुख्यतः गिरीश कुलकर्णी यांच्या लेखनाचे आणि अभिनयाचे आहे. 2011 च्या राष्ट्रीय पुरस्कारांत तो सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला. मात्र एक निरीक्षण नोंदवावेसे वाटते. मंगरुळातील केशा आपल्या करडी गाईला शोधत उघड्या टेकडीवर जातो, झाडाखाली झोपतो आणि त्याला दत्ताचा दृष्टान्त होतो. भर दुपारचे ते ऊन यक्कंटी मऊ करीत नाहीत. डोळे दिपवणाऱ्या त्या उन्हात माणसाला काहीही दिसू शकते आणि म्हणून केशाला खरेच काय दिसले हे चित्रपट शेवटपर्यंत मोकळे ठेवू शकतो. पुढे देऊळ होते, दुकाने लागतात, रोषणाई येते. रंग वाढत जातात तशी टेकडी नाहीशी होते. चित्रपटाच्या अखेरीस आपल्याला आठवत राहते ते पहिले उघडे-बोडके माळरान. त्या माळरानात कोणतेही सौंदर्य आहे असे आपल्याला पूर्वी कधी वाटले नव्हते.

‘सैराट’ : हिरवा रंग कोणाचा?

ईट, भूम, परंडा या परिसरातील प्रेक्षकाने ‘सैराट’ पाहिला तो काहीशा वेगळ्या नात्याने. सीना नदीच्या पलीकडे करमाळा तालुका आहे. नागराज मंजुळे त्याच तालुक्यातील जेऊरचे आणि चित्रपटाच्या पूर्वार्धातील मुलूख त्याच भागातला. तीच बाभळ, तोच मुरूम, तीच दगडी बारव आणि तीच एकीकडे कोरडी, दुसरीकडे उसाने गच्च झालेली जमीन. 29 एप्रिल 2016 रोजी हा चित्रपट प्रदर्शित झाला तेव्हा मराठवाडा दुष्काळात होळपळत होता. त्याच महिन्यात लातूरला रेल्वेने पाणी पोहोचवण्यात येत होते. पडद्यावर मात्र पाणी होते, हिरवाई होती, सोनेरी ऊन होते आणि अजय-अतुल यांचे भरघोस संगीत होते.

या विरोधावरून ‘सैराट’च्या छायाचित्रणावर एक आक्षेप घेतला जातो. हा चित्रपट जातीच्या हिंसेची गोष्ट सांगतो, पण त्याचा पूर्वार्ध रंगीत चित्रकार्डासारखा सुंदर आहे. पक्ष्यांचे थवे, संथ गतीतील धावणे, सूर्याला पाठ देऊन उभी असलेली नायिका हे सारे हिंदी प्रेमपटाचे साहित्य आहे आणि ते वापरल्याने वास्तव पातळ झाले, असा या आक्षेपाचा आशय. आक्षेप घेणारे ‘फँड्री’शी (2013) तुलना करतात. ‘फँड्री’चे छायाचित्रण विक्रम अमलाडी यांचे होते आणि त्यातील उन्हाला, धुरळ्याला, डुकरामागच्या धावपळीला सौंदर्याचा मुलामा नव्हता. अखेरीस जब्याने भिरकावलेला दगड थेट प्रेक्षकाच्या रोखाने आला. त्या दगडाच्या तुलनेत ‘सैराट’चा पूर्वार्ध गुळगुळीत वाटतो, ही गोष्ट नाकारण्यात अर्थ नाही.

तथापि या आक्षेपात एक गोष्ट निसटते. ‘सैराट’मध्ये हिरवा रंग सर्वत्र पसरलेला नाही. तो कोठे आहे आणि कोठे नाही हे पाहिले पाहिजे. ऊस हिरवा आहे, केळीची बाग हिरवी आहे, आणि ऊस, बाग, ट्रॅक्टर, बुलेट हे सारे आर्चीच्या घरचे आहे. तिचे वडील कारखाना आणि राजकारण चालवणारे आहेत. परश्याचे वडील मासेमारी करतात. जमीन त्यांची नाही, पाणीही फक्त पोट भरण्यापुरते त्यांचे. म्हणजे चौकटीतील जी हिरवाई आपल्याला ‘नेत्रसुखद’ वाटते ती मालकीची हिरवाई आहे. उसाच्या फडात दोघे भेटतात तेव्हा परश्या आर्चीच्या बापाच्या जमिनीत उभा आहे. प्रेमाची जागा आणि गुन्ह्याची जागा एकच आहे आणि ती दोन्ही वेळा तितकीच सुंदर दिसते. पाणी कोणाच्या शेतात जाते हे ज्याला ठाऊक आहे अशा आपल्या भागातील प्रेक्षकाला हे पाहण्यासाठी समीक्षकाची गरज नाही. मात्र पुण्या-मुंबईच्या पुष्कळ परीक्षणांतून हा मुद्दा सुटलेला आहे.

या संदर्भात विहिरीचा प्रसंग तपासण्याजोगा आहे. परश्या होडीत आहे. आर्ची विहिरीवर आल्याची वर्दी त्याला मिळते. तो होडीतून पाण्यात उडी घेतो, पोहत काठाला लागतो, तसाच ओलेत्याने रानातून धावत सुटतो आणि विहिरीत उडी टाकतो. गाण्याच्या भरात हा प्रसंग आपण केवळ उतावळ्या प्रेमाचा म्हणून पाहतो. कॅमेरा मात्र त्याला एका पाण्यातून दुसऱ्या पाण्यात नेताना मधली सारी जमीन दाखवतो. नदीचे पाणी कोळ्याचे, विहिरीचे पाणी शेतमालकाचे. ज्या समाजात पाणवठ्याच्या हक्कासाठी 1927 मध्ये महाडला सत्याग्रह करावा लागला त्या समाजात एक मुलगा ही सीमा धावत ओलांडतो आणि त्याला ती सीमा दिसतही नाही. विहिरीतून त्याला बाहेर व्हायला सांगणारी आर्चीच असते. तिच्या त्या दरडावण्यात मालकाच्या मुलीचा सहज हक्क आहे. सात वर्षांपूर्वीच्या ‘विहीर’मधील पाण्याचा अर्थ आध्यात्मिक होता. येथे यक्कंटी पाण्याचा सामाजिक अर्थ दाखवतात, आणि तेवढ्याच शांतपणे.

उत्तरार्धात हे दोघे पळून हैदराबादला जातात. येथे चित्रपटाची चौकट अरुंद होते. आकाश उरत नाही. पत्र्याच्या खोल्या, बोळ, वाहती गटारे, कारखान्यातील बाटल्यांच्या रांगा. गाणी थांबतात. कॅमेऱ्याची धाव थांबते. आणि भाषा बदलते. आर्चीला तेलुगू येत नाही आणि गावात ट्रॅक्टर हाकणारी, बापाच्या नावावर कोणालाही दटावणारी ही मुलगी शब्दाशब्दासाठी दुसऱ्याच्या तोंडाकडे पाहू लागते. येथे हे आठवल्यावाचून राहत नाही की छायालेखकाची मातृभाषा तेलुगू आहे. मराठी मुलखात भाषेवाचून वावरण्याचा अनुभव त्याच्यापाशी होता. ‘सैराट’ने तोच अनुभव उलटा करून त्याच्या भाषेच्या शहरात दोन मराठी मुलांना दिला. या योगायोगावर फार मोठी इमारत उभारणे योग्य होणार नाही. परंतु भाषा कळत नसताना माणूस जे पाहतो ते, म्हणजे ओठ, हात, पाठीची ठेवण, कोण कोणाच्या किती जवळ उभे आहे ते, हैदराबादच्या साऱ्या दृश्यांत कॅमेरा पाहत राहतो, हे निरीक्षण योगायोगापलीकडचे आहे.

शेवटचा प्रसंग सर्वश्रुत आहे. त्यातील आवाज काढून घेण्याच्या निर्णयाचे श्रेय दिग्दर्शकाला दिले जाते आणि ते योग्यच आहे. परंतु आवाज काढून घेतल्यावर जे उरते ते निव्वळ चित्र असते आणि ते चित्र तेवढे भक्कम नसते तर हा निर्णय पांगळा ठरला असता. लहान मूल घरात येते, पाहते, रडते, बाहेर पडते आणि फरशीवर पावले उमटतात. कॅमेरा मुलाच्या उंचीवर आहे. मोठ्या माणसाच्या उंचीवरून तो प्रसंग घेतला असता तर आपण प्रेते पाहिली असती. 2018 मध्ये या चित्रपटाची हिंदी आवृत्ती ‘धडक’ उदयपूरच्या तलावांच्या आणि हवेल्यांच्या पार्श्वभूमीवर करण्यात आली. त्या आवृत्तीत जमीन कोणाची हा प्रश्नच उपस्थित होत नाही. ते पर्यटकाचे उदयपूर आहे. सुंदर चौकट आणि अर्थपूर्ण चौकट यांतील फरक विद्यार्थ्यांना समजावून द्यावयाचा असल्यास या दोन चित्रपटांचे पूर्वार्ध एकापाठोपाठ दाखवावेत.

‘नाळ’ : स्वतःच्या कथेचा छायालेखक

छायालेखक दिग्दर्शक होतो तेव्हा एक धोका संभवतो. दुसऱ्याच्या पटकथेचा जो विरोध त्याच्या नजरेला होत असतो तो नाहीसा होतो. ‘नाळ’ची कथा, दिग्दर्शन आणि छायाचित्रण यक्कंटी यांचे आहे, संवाद मंजुळे यांचे. 16 नोव्हेंबर 2018 रोजी प्रदर्शित झालेल्या या चित्रपटाला पदार्पणातील दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि चैत्याची भूमिका करणाऱ्या श्रीनिवास पोकळे यास बालकलाकाराचा. विदर्भातील नदीकाठचे गाव, खातेपिते घर, आईला चिकटलेला आठ वर्षांचा चैत्या. मामाच्या तोंडून त्याला कळते की ही आपली जन्मदाती आई नव्हे. तेथून मुलाची नजर बदलते आणि आपल्याला कथा सांगितली जाते ती त्या नजरेच्या बदलातून. काल ज्या आईच्या पदराशी कॅमेरा घुटमळत होता, तिच्याकडे तो आज दाराआडून, संशयाने पाहतो. आईच्या वागण्यात काहीच फरक पडलेला नाही. फरक कॅमेऱ्याच्या जागेत आहे. हे निखळ छायालेखकाचे दिग्दर्शन आहे आणि मराठीत त्याला जोड सापडणे कठीण आहे.

त्याच चित्रपटात म्हशीचे वासरू दगावते आणि म्हशीने पान्हा सोडावा म्हणून तिच्यापुढे पेंढा भरलेले वासरू उभे केले जाते. दूधदुभत्यावर आणि खव्याच्या भट्ट्यांवर ज्या भागातील कित्येक कुटुंबे जगतात त्या भूम परिसरातील वाचकाला ही रीत नवी नाही. खेड्यात वाढलेला कोणीही ती पाहून असतो. नवे आहे ते हे की मुलगा त्या खोट्या वासराकडे पाहतो आणि चित्रपट त्यावर एकही वाक्य बोलत नाही. मानलेले नाते आणि रक्ताचे नाते यांविषयीचा सारा प्रश्न त्या एका चित्रात उभा राहतो.

असे असूनही ‘नाळ’विषयी एक आक्षेप नोंदवणे प्राप्त आहे. या चित्रपटातील गाव अतिशय देखणे आहे. नदीचे पाणी नेहमी चमकते, ऊन नेहमी तिरपे आणि सोनेरी असते, उंचावरून घेतलेली दृश्ये पुनःपुन्हा येतात आणि ती पाहताना आपण चैत्याच्या नजरेतून बाहेर फेकले जातो. आठ वर्षांचा मुलगा आपले गाव आकाशातून पाहत नाही. ‘सैराट’मधील सौंदर्याला मालक होता. ‘नाळ’मधील सौंदर्याला मालक नाही, ते सर्वांचे असल्यासारखे दिसते, आणि विदर्भातील कोणतेही गाव असे नसते. जातीची वस्ती कोठे संपते, कोणाचे घर नदीच्या किती जवळ आहे, हे प्रश्न चौकटीबाहेर राहिले. बालपणाच्या नजरेला जात दिसत नाही असे समर्थन कोणी करील. परंतु ते समर्थन टिकणारे नाही. ‘फँड्री’तील जब्याला ती दिसत होती. ज्याला ती दिसत नाही त्या मुलाचे घर खातेपिते असते, एवढेच यातून सिद्ध होते. ‘देऊळ’मधील दुपारच्या उन्हाशी ज्याने प्रामाणिकपणा राखला त्या छायालेखकाने स्वतःच्या चित्रपटात दुपार जवळजवळ टाळली, हे खटकते.

या पार्श्वभूमीवर ‘झुंड’कडे पाहिले असता यक्कंटी यांना मंजुळे यांच्यासारख्या दिग्दर्शकाची गरज का आहे ते कळते. नागपूरची झोपडपट्टी, उकिरडा, फुटबॉल खेळणारी पोरे आणि त्यांत अमिताभ बच्चन. एवढा मोठा चेहरा चौकटीत आला की चौकट त्याच्याभोवती फिरू लागते, हा हिंदी चित्रपटाचा पन्नास वर्षांचा रिवाज आहे. ‘झुंड’मध्ये पुष्कळ वेळा ते मुलांच्या घोळक्यात, कडेला, कधी पाठमोरे उभे असतात आणि उजेड मुलांवर असतो. आंबेडकर जयंतीच्या प्रसंगी बाबासाहेबांच्या प्रतिमेसमोर ते हात जोडतात तेव्हा प्रतिमा मोठी आहे आणि नट लहान. चित्रपट लांबलेला आहे, न्यायालयाचे प्रसंग ढिले आहेत, हे मान्य करूनही या प्रमाणाचे महत्त्व कमी होत नाही. अखेरच्या दृश्यात विमान आकाशात चढते आणि त्याच चौकटीत खाली वस्तीची भिंत आहे, ती ओलांडण्यास सक्त मनाई असल्याची सूचना लिहिलेली. येथे उंचावरून घेतलेले दृश्य नाही. कॅमेरा भिंतीच्या अलीकडे, कचऱ्यात उभा आहे.

‘नाळ भाग 2’ 10 नोव्हेंबर 2023 रोजी आला. चैत्या आता मोठा झाला असून जन्मदात्या आईच्या गावी, पश्चिम महाराष्ट्रात जातो. तेथे त्याला धाकटी बहीण चिमी आणि भाऊ मणी भेटतात. विदर्भाच्या बोलीतून दुसऱ्या बोलीत आलेला हा मुलगा सुरुवातीस गप्प असतो आणि पाहत राहतो. या चित्रपटास 2023 च्या राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट बालचित्रपटाचा मान मिळाला आणि त्रिशा ठोसर, श्रीनिवास पोकळे व भार्गव जगताप या तिघा मुलांचा बालकलाकार म्हणून गौरव झाला. गुळगुळीतपणाचा दोष येथेही पूर्णपणे गेलेला नाही. मात्र चिमीचा चैत्याशी असलेला हट्टी अबोला ज्या दृश्यांत येतो तेथे कॅमेरा पुन्हा जमिनीपासून हातभर उंचीवर उतरला आहे. परक्या बोलीच्या घरात उंबऱ्याशी थांबलेला मुलगा, आत यावे की नाही हे न ठरलेला, आणि आतून त्याच्याकडे रोखून पाहणारी एक लहान मुलगी, दोघांच्या मध्ये रिकामी जमीन.